पट स्वस्त, वाट महाग

नागपूरच्या दिव्या देशमुखने २८ जुलै २०२५ रोजी जॉर्जियातील बाटुमी येथे महिलांचा विश्वचषक जिंकला, तेव्हा साऱ्या विदर्भाला धन्यता वाटली. अंतिम सामन्यातील पहिले दोन्ही डाव बरोबरीत सुटल्यावर, जलद डावांत तिने कोनेरू हंपीसारख्या कसलेल्या खेळाडूस नमविले आणि एकोणिसाव्या वर्षी ग्रँडमास्टर हा किताब मिळविला. पुढे राज्य शासनाने ३ कोटी रुपये देऊन तिचा गौरव केला. हा गौरव उचितच होता. परंतु हारतुरे सुकल्यानंतर बुलढाणा जिल्ह्याच्या नागरिकांनी स्वतःस एक प्रश्न विचारणे अगत्याचे आहे. तितक्याच बुद्धीची मुलगी मेहकर वा संग्रामपूर तालुक्यात जन्मली असती, तर ती बाटुमीपर्यंत पोहोचली असती काय?

बुद्धिबळ हा गरिबाचा खेळ आहे, असे म्हणण्याची आपल्याकडे प्रथा आहे. ते अर्धेच खरे आहे. पट आणि सोंगट्या स्वस्त आहेत, पण वाट महाग आहे. ग्रँडमास्टर होण्यासाठी साधारणतः २५०० गुणांकन गाठावे लागते आणि किताबधारी व परदेशी खेळाडूंचा भरणा असलेल्या स्पर्धांतून तीन वेळा ठरावीक दर्जाची कामगिरी करून दाखवावी लागते. अशा स्पर्धा खेळाडूच्या दारी येत नाहीत, त्यालाच त्यांच्या दारी जावे लागते. प्रवेशशुल्क, प्रवास, निवास आणि प्रशिक्षकाचे मानधन हा खर्च वर्षानुवर्षे चालतो. विश्वचषकाच्या विजेतीला हा किताब थेट मिळतो, म्हणून दिव्याची शेवटची पायरी एका उडीत पार झाली. त्या उडीमागची तपश्चर्या मात्र थोडीथोडकी नव्हती.

ही तपश्चर्या कोणाच्या आधारावर होते, ते पाहण्यासारखे आहे. दिव्याचे आईवडील डॉक्टर आहेत. २०२४ साली बुडापेस्टच्या ऑलिंपियाडमध्ये सुवर्णपदक मिळविणाऱ्या भारतीय संघातील नाशिकचा विदित गुजराथी, त्याचेही आईवडील डॉक्टरच. १९७४ साली महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा वासंती खाडिलकर यांनी जिंकली आणि पुढील दहा वर्षे त्या, जयश्री व रोहिणी या तिघी भगिनींनी हे क्षेत्र गाजविले. त्यांच्या पाठीशी वृत्तपत्राचे संपादक असलेले वडील नीळकंठ खाडिलकर खंबीरपणे उभे होते. १९७६ साली रोहिणी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरल्या, तेव्हा उठलेल्या विरोधाचा प्रश्न थेट जागतिक संघटनेपर्यंत गेला आणि स्त्रियांना असा मज्जाव करता येणार नाही, असा निर्णय झाला. असे झुंजण्याचे बळ प्रत्येक घरात असत नाही. या सर्वांचे कर्तृत्व त्यांचे स्वतःचेच आहे, त्यात तिळमात्र शंका नाही. परंतु कर्तृत्वाला घराचा आधार लागतो, हेही तितकेच खरे आहे.

ज्याला घराचा आधार नाही त्याचे काय होते, याचे उदाहरण मीर सुलतान खान याचे. एका जमीनदाराचा हा सेवक त्याच्यासोबत इंग्लंडला गेला आणि १९२९, १९३२ व १९३३ या वर्षी ब्रिटिश विजेता झाला. १९३५ साली त्याने आपल्या वि. का. खाडिलकरांशी दहा डावांचा सामना खेळला आणि त्यांना केवळ एक बरोबरी मिळू दिली. मात्र धन्याची मर्जी हाच त्याचा आधार असल्यामुळे हा असामान्य खेळाडू लवकरच खेळातून दिसेनासा झाला. जागतिक संघटनेने त्याला सन्माननीय ग्रँडमास्टर केले ते २०२४ साली, त्याच्या मृत्यूनंतर अनेक दशकांनी!

राजाश्रय असा बेभरवशाचा. यावर महाराष्ट्रातच एक उत्तर सापडले होते. १९४१ साली सांगलीस नूतन बुद्धिबळ मंडळ स्थापन झाले आणि भाऊसाहेब पडसलगीकरांनी ते आयुष्यभर जोपासले. स्पर्धांसाठी देशभरातून खेळाडू सांगलीस येऊ लागले, आणि गावातल्या मुलाला थोर खेळाडूंचा खेळ घरबसल्या पाहावयास मिळाला. सांगली ही काही मुंबई नव्हे. जे तेथे घडले ते खामगावास किंवा मलकापुरास अशक्य का मानावे? वऱ्हाडच्या मातीत बुद्धीचा दुष्काळ नाही. अमरावतीचा स्वप्नील धोपाडे २०१५ साली ग्रँडमास्टर झाला. नागपूरच्या रौनक साधवानी व संकल्प गुप्ता यांनीही पुढे तोच किताब मिळविला.

शेतमालाला भाव नसलेल्या जिल्ह्यात बुद्धिबळाची चैन कशासाठी, असे कोणी विचारील. हा आक्षेप आम्ही हलका मानीत नाही. बुद्धिबळाने मुले गणितात हुशार होतात, या लाडक्या समजुतीचा आसराही आम्ही घेत नाही. २०१६ साली इंग्लंडमध्ये प्रसिद्ध झालेल्या प्राथमिक शाळांतील प्रयोगात असा परिणाम दिसून आला नव्हता. प्रश्न गणिताचा नाही, न्यायाचा आहे. एखाद्या मुलाच्या अंगी असलेला गुण केवळ तो ज्या घरात जन्मला त्यावरून फुलावा वा करपावा, हे सुसंस्कृत समाजाला शोभत नाही.

आमच्या सूचना साध्या आहेत. तालुक्याच्या वाचनालयांनी आठवड्यातील एक संध्याकाळ पटासाठी राखावी आणि खेळलेला डाव लिहून ठेवण्याची सवय मुलांना लावावी. जिल्हा परिषदेने शाळाशाळांतील होतकरू मुलांची यादी करावी, आणि तीत मुली मागे राहणार नाहीत याकडे शिक्षकांनी लक्ष द्यावे. व्यापारी व डॉक्टर मंडळींनी एक निधी उभारून त्या मुलांचा प्रवासखर्च व प्रवेशशुल्क उचलावे. त्याच वेळी पालकांनाही सांगावयास हवे की, शेकडो मुलांतून एखादाच ग्रँडमास्टर होईल. इतरांनी खेळाचा आनंद घ्यावा, पण शाळा सोडू नये.

विजेत्याला कोटी देणे सोपे असते, कारण तेव्हा तो कोण हे सर्वांना ठाऊक असते. जो अजून कोणीच नाही, त्याला मलकापूरहून नागपूरच्या गाडीचे भाडे देणे हे खरे कठीण काम आहे. ते काम शासनाने करावे हे तर खरेच. परंतु शासनाची वाट पाहत बसण्याइतके मोठे ते काम नाही.